एकतीस बुचं

“वीसची कात्री येते का गं कुठं?”

“आई, एकदा सांगितलं ना तुला—”

“मी काय विचारतेय? वीसची कात्री येते का? नखं कापायची तरी?”

“सूट दिली मी! शिंप्याला! तीस कमी घेतले त्याच्याकडून. झालं समाधान?”

“सूट.” दातांत खडा यावा तशी आई त्या शब्दाशी थांबली. “या दुकानात. तू.”

“हो, मी. दे फाशी.”

“फाशी नंतर. आधी हिशोब. बस खाली.”

“मला जायचंय. साडेपाचला तो न्यायला येईल.”

“साडेपाचला वीस मिनिटं आहेत. वीस मिनिटांत माणूस जन्माला येतो. बस म्हणतेय ना!”

लेक बसली नाही. कापडी पिशवी दोन्ही हातांनी पोटाशी धरून ती टेबलाला टेकून उभी राहिली. कोपऱ्यात धारेचा दगड फिरत होता, त्याची घरघर दोघींच्या आवाजाखाली चालूच होती.

बाजारात या आईला सगळे धारवाली म्हणत. साठीला टेकलेली, अंगानं काटकुळी, पण आवाज असा की समोरच्या भिंतीला आपटून परत यावा. तिचं दुकान म्हणजे दोन इमारतींमधली फट. एक गिऱ्हाईक आत आलं की दुसऱ्यानं पायरीवर थांबायचं. माल दोनच प्रकारचा, सुरी आणि कात्री. सुरी ऐंशीला, कात्री एकशे तीसला. तिसरं काहीतरी ठेवा की, म्हणून लोक सांगून थकले. ती म्हणायची, “जुळी सांभाळताना जीव जातोय, तिसरं कुठं मांडीवर घेऊ?”

डाव्या हाताच्या भिंतीवर चाळीस खिळे, खिळ्यागणिक एक सुरी. खाली वीस लोखंडी आकडे, आकड्यागणिक एक कात्री. रोज सकाळी भिंत पूर्ण भरायची, त्याशिवाय दार उघडायचं नाही. प्रत्येक टोकाला बाटलीचं जुनं बूच खुपसलेलं, येणाऱ्याजाणाऱ्याला टोचू नये म्हणून. नग विकला की बूच काढून पत्र्याच्या डब्यात टाकायचं, माल कागदात गुंडाळून द्यायचा, पैसे गल्ल्यात. वही नाही, पावती नाही. दिवस संपला की डब्यातली बुचं सांगायची एकूण किती नग गेले, आणि गल्ला सांगायचा किती पैसे आले. त्या दोन आकड्यांवरून, भिंतीकडे पाठ करून, तोंडी सांगायचं: सुऱ्या किती गेल्या, कात्र्या किती. सांगून झालं की मग वळायचं. आधी तोंड, मग भिंत.

हा नियम तिच्या नवऱ्याचा. तो जाऊन बारा वर्षं झाली. गेला तोही साध्या तापानं. एवढ्या तापट माणसाचं काहीतरी मोठं होईल अशी बाजाराची अपेक्षा होती. माणूस गेला, नियम राहिला.

भिंत बघून रिकामे खिळे मोजले तर दोन मिनिटांचं काम. पण नवरा म्हणायचा, “डोळ्यांनी कोणीही मोजतं. डोक्यानं मोज.” आणि डोकं चाललं नाही की पट्टा चालायचा. धार काढल्यावर पातं घासतात तो चामड्याचा पट्टा, दोन बोटं रुंद, हातभर लांब. अजून तिथंच आहे, दगडाच्या वर टांगलेला. लग्न होऊन आली तेव्हा तिला दहापर्यंत पाढे येत होते. वर्षभरात एकोणीसपर्यंत पोचली. “एका पाढ्याला एक वळ,” ती पुढं हसून सांगायची, “सतराच्या पाढ्याला दोन. अवघड आहे तो.”

युक्ती तिची तिलाच सापडली, पाठ सुजलेली असताना पालथं पडल्या पडल्या. सगळा माल एकाच जातीचा धरायचा. खोटं आहे हे माहीत असून धरायचं. मग ते खोटं किती चुकतंय ते बघायचं. चूक जेवढी निघेल, तिच्यातूनच खरं बाहेर येतं.

“बोल,” आई म्हणाली. “बुचं किती?”

“एकतीस.”

“सगळ्या सुऱ्याच धर.”

“आई, मला उशीर—”

“धर!”

लेकीनं डोळे मिटले आणि घोकलेलं म्हटल्यासारखी म्हणू लागली. “एकतीस ऐंशी, चोवीसशे ऐंशी.”

“गल्ल्यात?”

“अठ्ठावीसशे पन्नास.”

“वर किती उरले?”

“तीनशे सत्तर.”

“सुरीपेक्षा कात्री कितीनं महाग?”

“पन्नासनं.”

“तीनशे सत्तरात पन्नास किती वेळा?”

“सात वेळा. वर वीस.”

“म्हणून विचारतेय, बाई माझे, वीसची कात्री येते का?”

“सात नाहीत, आठ कात्र्या! आठवीला तीस कमी घेतले, म्हणून वर चारशेऐवजी तीनशे सत्तर. आठ कात्र्या, तेवीस सुऱ्या. आलं की बरोबर!”

बरोबर आलं होतं खरं. आणि नेमकी तिथंच धारवालीच्या मनात पाल चुकचुकली. उत्तर फार लवकर आलं होतं. ही पोरगी आठाचा पाढा अजून मांडीवर बोटं आपटत म्हणायची, आणि आज आठवी कात्री, तीसची सूट, तेवीस सुऱ्या, सगळं ताटात वाढून तयार? शिवाय शिंपी कोण? बाजारात शिंपी दोन. एक आठ दिवस झाले पाठ धरून अंथरुणावर. दुसऱ्याची कात्री त्याच्या बापाची. तो स्वतः बदलेल, कात्री बदलणार नाही.

“एक बूच बाहेर काढ,” ती म्हणाली.

“काय?”

“डब्यातून एक बूच बाहेर काढ. तीस धर.”

लेक हलली नाही. धारवालीनं स्वतः हात घालून एक बूच काढलं आणि टेबलावर ठेवलं.

“तीस ऐंशी, चोवीसशे. वर साडेचारशे. पन्नासनं भाग.” ती थांबली. “नऊ. खाली शून्य. नऊ कात्र्या, एकवीस सुऱ्या, आणि पैशाला पैसा लागला. तीस नग विकले गेले. एकतिसावा फुकट गेला.”

मग ती वळली. आकडे रिकामे होते नऊ. कात्र्या बरोबर. खिळे ती बोटानं मोजत गेली. पहिली ओळ रिकामी, दुसरी रिकामी, तिसऱ्या ओळीत दोन. बावीस.

“सुरी,” ती म्हणाली. “एकवीसचे पैसे आले, बावीस गेल्या.”

“कोणीतरी उचलली असेल. मी दगडावर होते, गिऱ्हाईकांची गर्दी—”

“चोर सुरी नेतो ती बुचासकट नेतो. बूच काढून, वाकून, डब्यात टाकून मग पळणारा चोर तू बघितलायस कधी?”

लेकीचा चेहरा उतरला. ती डब्याकडे बघतच राहिली. सहा वर्षांची होती तेव्हापासून ती या डब्यात बुचं टाकत आली होती. भिंतीवरून नग काढला की अंगठ्यानं बूच उडवायचं, हात आपोआप डब्याकडे जायचा. चोरी करायची म्हणून मनानं सकाळपासून तयारी केली होती. सूट, शिंपी, आठवी कात्री, हे सगळंही जुळवलं होतं. पण ते नंतर, आई बुचं मोजायला बसल्यावर चूक लक्षात आली तेव्हा. हातानं मनाला विचारलंच नव्हतं.

“कुठंय?” आई म्हणाली.

लेकीनं पिशवी आणखी घट्ट धरली.

धारवालीला पुढं विचारवेना. लेकीच्या जबड्याखाली पिवळट पडलेला डाग होता, मागच्या आठवड्यातला. मनगटावर चार निळी बोटं उठलेली, ती ताजी. मागच्या महिन्यात एक दाढ गेली, तेव्हा दोघी पोलिसांत जाऊन आल्या. तिथला जाड्या हवालदार म्हणाला, संसारात भांड्याला भांडं लागतंच. आणि निघताना घरची सुरी धारेला देऊन गेला. ती सुरी अजून ड्रॉवरमध्ये पडून होती. तिला धार लावायला धारवालीचा हात उचलत नव्हता.

आणि तिच्या स्वतःच्या डाव्या हाताची दोन बोटं. ती बोटं धारवालीनं नकळत मुठीत लपवली. वाकत नव्हती ती, म्हणून धड लपतही नव्हती.

सव्वीस वर्षांची होती तेव्हा तिनंही सुरी उचलली होती. तिसऱ्या ओळीतलीच. त्या दिवशी नवऱ्यानं तिला उपाशी ठेवून केस धरून पायरीपर्यंत ओढत नेलं होतं, आणि तिनं ठरवलं होतं, आज बास. सुरी काढली, बाहीत सरकवली, आणि बूच? बूच डब्यात टाकलं. संध्याकाळी नवरा भिंतीकडे पाठ करून बसला. हिशोब करता करता हसायला लागला. मग वळला, खिळे मोजले, हात पुढं केला आणि म्हणाला, “दे.” तिनं दिली. त्यानं टोकाला बूच लावून सुरी खिळ्यावर टांगली. म्हणाला, “आता बरोबर आलं.” आणि मग तिचा डावा हात ऐरणीवर ठेवायला लावला. दोन घाव. एकेका बोटाला एक.

“कुठंय ती?” तिनं पुन्हा विचारलं, आता हळू. “पिशवीत आहे ना?”

“काय आहे पिशवीत?”

दारात जावई उभा होता.

हा लिफ्ट दुरुस्त करायचा. उंच उंच इमारतींत त्याचं फार नाव. लिफ्टमध्ये कोणी अडकलं की वरून किती मऊ आवाजात धीर देतो म्हणे. म्हाताऱ्या त्याला आशीर्वाद द्यायच्या. आवाज त्याचा कधी चढायचा नाही. मारतानासुद्धा नाही. लेक एकदा म्हणाली होती, “आई, तो ओरडला असता ना, तर शेजारी तरी आले असते.”

“काय शोधताय, सासूबाई?” त्यानं विचारलं. पाय पुसून आत आला. पान्यांची पिशवी दाराशी व्यवस्थित ठेवली.

सुरी हा शब्द धारवालीच्या जिभेच्या टोकावर होता. तो बाहेर पडला असता तर पुढच्या क्षणी ती पिशवी टेबलावर पालथी झाली असती. मग काय झालं असतं ते ती बोटं सांगतच होती.

“तीस,” ती म्हणाली. “गल्ल्यात तीस कमी आहेत. कुठं गेले विचारतेय, आणि बाईसाहेब तोंड उघडत नाहीत.”

“तीस?” जावई हसला. लग्न ठरलं तेव्हा महिनाभर तो रोज या दुकानात येऊन बसायचा; बुचांचा हिशोब त्याला पाठ होता, आणि आकड्यांत तो सासऱ्याला आवडण्याइतका हुशार होता. त्यानं टेबलावरचं सुटं बूच उचलून डब्यात टाकलं. “किती झाली?”

“एकतीस,” लेक म्हणाली.

“गल्ला?”

“अठ्ठावीसशे पन्नास.”

तो छताकडे बघत ओठ हलवायला लागला. दोघी बायका त्याच्या ओठांकडे बघत होत्या.

“आठ कात्र्या,” तो म्हणाला. “तीस कमी. हं. नाहीतर मग...” त्याचे ओठ पुन्हा हलले. भुवई वर गेली. “नाहीतर मग एक नग जास्त गेलाय. आठ गेल्या असतील तर भिंतीवर बारा कात्र्या हव्यात, नाही का?” आणि तो वळून बोटानं आकडे मोजायला लागला. “एक, दोन, तीन...”

धारवालीचा हात टेबलाखाली गेला. तिथं सकाळी धारेला आलेली एक कात्री होती, गिऱ्हाईकाची, नुकतीच चकाकवलेली.

“...दहा, अकरा. अकराच आहेत, सासूबाई.”

“बारावी ही काय माझ्या हातात,” ती म्हणाली आणि कात्री टेबलावर आपटली. “स्क्रू ढिला निघाला, म्हणून उतरवली. तुमच्या सासऱ्यांनी मला मारून मारून मोजायला शिकवलंय. तुम्ही नका शिकवू.”

चाळीस वर्षांत ती पहिल्यांदा हिशोबात खोटं बोलली.

“नाही हो, मी कसला शिकवतोय.” जावई बायकोकडे वळला. “म्हणजे तीसच. कोणाला दिले गं?”

“शिंप्याला,” लेक म्हणाली. आईसाठी रचलेलं उत्तर तिच्या तोंडून तसंच्या तसं निघून गेलं.

“शिंप्याला.” त्यानं मान डोलावली. “म्हणजे पुरुष आला. तुझ्यासमोर उभा राहिला. आणि तीस कमी झाले.”

“कात्री घ्यायला आला होता फक्त—”

“मी कुठं काय म्हणतोय? कोणत्या हातानं घेतलेस पैसे? दाखव ना.”

त्यानं तिचा उजवा हात मनगटात धरला. हळूच धरला, दुरून बघणाऱ्याला वाटावं की रस्ता ओलांडायला मदत करतोय. दोन पावलं कोपऱ्याकडे नेलं. आणि तर्जनी फिरत्या दगडावर टेकवली.

लेक किंचाळली. नख जळाल्याचा वास दुकानभर पसरला. धारवालीनं झेप घेऊन बटण दाबलं, पण बटण बंद केलं तरी ते चाक मिनिटभर फिरतच राहतं, तो तसाच धरून उभा होता, आणि मऊ आवाजात मोजत होता, “पाच... सहा... तीसपर्यंत जाऊ या, तीसच दिलेस ना?” दगडावर लाल रेघ उमटली आणि फिरता फिरता तपकिरी झाली. आणि या सगळ्यात धारवालीला एक दिसलं. लेकीचा डावा हात मोकळा होता. त्या हातानं ती त्याला ढकलू शकली असती, चेहरा ओरबाडू शकली असती. तो हात पिशवी सोडत नव्हता.

धारवालीनं पट्टा ओढून काढला. या पट्ट्याच्या दुसऱ्या टोकाला ती आयुष्यात पहिल्यांदा उभी होती. पहिला फटका त्याच्या कानावर बसला, दुसरा मानेवर, तिसऱ्याला तिचा स्वतःचाच तोल गेला. “सोड! सोड तिला! मी दिली सूट! मी म्हणाले तिला दे म्हणून! माझं दुकान आहे, मी आग लावीन त्याला, तुझं काय जातंय!”

त्यानं बायकोचं मनगट सोडलं. कानाला हात लावला, बोटावरचं रक्त बघितलं. मग सासूच्या हातातून पट्टा काढून घेतला, हट्टी पोराच्या हातातून काठी काढून घ्यावी तसा, आणि एकच फटका मारला, तिच्या तोंडावर आडवा. ती गल्ल्यावर जाऊन आदळली. डबा उलटला. बुचं टेबलभर घरंगळली.

“आधीच सांगायचं ना, सासूबाई,” तो म्हणाला. पट्टा त्यानं पुन्हा खिळ्याला नीट टांगला, सरळ केला. “उगाच तिला लागलं.” दाराशी जाऊन त्यानं आपली पान्यांची पिशवी उचलली. “गाडी चालू करतोय. पाच मिनिटांत ये.”

तो गेला. दगड आता थांबला होता.

आईनं फडकं फाडलं, लेकीचं बोट बांधलं. लेक रडत नव्हती. आईच्या फुटलेल्या ओठाकडे बघत होती.

“आज इथंच राहा,” आई म्हणाली.

“मागच्या महिन्यात राहिले होते. पान्यानं बिजागऱ्या काढल्या त्यानं दाराच्या. विसरलीस?”

“मग पोलिसांत—”

“त्यांची सुरी झाली का तयार? जाता जाता देऊन येते.”

आईला हसू यायला नको होतं, पण आलं. ओठ ताणला आणि रक्त आलं. तिनं ते बाहीला पुसलं.

“सुरी दे.”

“नाही.”

“दे म्हणतेय ना. तुझ्या हातून ती काढून घ्यायला त्याला किती वेळ लागेल? आत्ता बघितलास ना पट्टा कसा घेतला माझ्याकडून? त्याच्या हातात गेली तर?”

“नाही देणार.”

आईनं पिशवी पकडली. लेकीनं हिसडली. आईनं तिच्या थोबाडीत मारली, त्याच पिवळ्या डागावर, आणि लेकीनं जखमी हातानं आईच्या छातीवर असा रट्टा दिला की दोघी कात्र्यांवर जाऊन आपटल्या, चार-पाच कात्र्या खणखणत खाली आल्या. दोघी पिशवीला लोंबकळत होत्या. आईची न वाकणारी बोटं कापडात अडकली. कापड टरकलं. आणि दोघींच्या मध्ये बोटभर पोलाद बाहेर आलं, नवं, चकचकीत, टोकाला काहीही नसलेलं.

दोघी थिजल्या.

“तू दिली होतीस ना?” लेक धापा टाकत म्हणाली. “बाबांनी मागितली, तू दिलीस. त्यांनी जागेवर टांगली. हिशोब बरोबर आला.”

“तुला काय माहीत? एवढीशी होतीस.”

“टेबलाखाली होते मी. हिशोब बरोबर आला, आई. आणि मग त्यांनी हातोडी उचलली.”

इतकी वर्षं धारवालीला वाटत होतं की पोर तेव्हा झोपली होती. इतकी वर्षं तिनं स्वतःलाही हेच सांगितलं होतं की बूच डब्यात पडलं, हिशोब चुकला, म्हणून बोटं गेली. हिशोब चुकला नसता तर... तर काय? त्या दिवशी दुसरं काहीतरी निघालं असतं. दिवस संपायच्या आत काहीतरी निघायचंच.

बाहेर हॉर्न वाजला. एकदाच, सभ्य, कोणाला त्रास होऊ नये असा.

आईनं पिशवी सोडली. टेबलावरची बुचं दोन्ही हातांनी ओढून ती डब्यात भरायला लागली. मोजत भरायला लागली, कारण मोजल्याशिवाय भरणं तिला येत नव्हतं. शेवटचं, एकतिसावं, हातात राहिलं. ते तिनं डब्यात टाकलं नाही. लेकीजवळ गेली, फाटक्या कापडातून आलेलं टोक दोन बोटांनी आत ढकललं, पिशवीत हात घातला आणि अंदाजानं बूच त्या टोकावर दाबून बसवलं.

“उघड्या टोकानं आधी आपल्यालाच लागतं,” ती म्हणाली. “आणि हे काढायला जेवढा वेळ लागेल ना, तेवढा वेळ तरी विचार कर. माझी आठवण काढ. माझी नको, स्वतःची काढ. त्या वेळात दार गाठता आलं तर दार गाठ. ऐकतेयस?”

लेकीनं विस्कटलेले केस कानामागे सारले. पिशवी फिरवून फाटकी बाजू अंगाकडे घेतली.

डब्यात तीस बुचं होती. तीस ऐंशी चोवीसशे, वर साडेचारशे, नऊ कात्र्या, एकवीस सुऱ्या. गल्ल्याशी तंतोतंत. आता कोणीही येऊन बसावं, भिंतीकडे पाठ करून मोजावं, चूक सापडली नसती.

हॉर्न पुन्हा वाजला.

“उद्या भिंत भरायला सात वाजता येशील ना?” आईनं विचारलं. “माझा एकटीचा हात वरच्या ओळीला पुरत नाही. अगं, येशील ना?”

लेक जमिनीवर पडलेल्या कात्र्या ओलांडत गेली, फटीतून अंग आडवं करून बाहेर पडली आणि पायरी उतरली.